शेजारचा हात

केबलवरच्या गावच्या बातम्यांत गेणू दिसला तेव्हा चांगदेव दुकानात पाइप कापत होता. पन्नालाल शेठच्या मशिनरीच्या दुकानातला टीव्ही काउंटरच्या वर, महावीरांच्या तसबिरीशेजारी बसवलेला होता. तो दिवसभर चालू असे, त्यामुळे त्याच्याकडे कोणी बघत नसे. चांगदेवनेही आधी आवाजच ऐकला. आवाज जड झाला होता, पण बोलताना मध्येच नाकाने श्वास ओढायची सवय तीच होती. वारूळवाडीच्या मैदानावर आज संध्याकाळी कबड्डीच्या सामन्यांचं उद्घाटन होतं आणि गेणू त्याचा प्रमुख पाहुणा होता. त्यानिमित्त माइक घेऊन त्याच्या घरी गेलेला पोरगा त्याला जुन्या दिवसांबद्दल विचारत होता. गेणू म्हणाला, "आता त्या घोडेगावच्या फायनलचंच घ्या. गडी मला फरफटत मध्यरेषेकडं घेऊन चालला व्हता. माझी पकड सुटल्यात जमा. पण माझ्या हातात कुशाबाचा हात व्हता. त्यानं हात सोडला न्हाई. आपुन जिंकलो ते त्याच्यामुळं. लोक माझं नाव घेत्यात, खरं तर त्याचं घेतलं पायजे."

करवत चालूच राहिली. थोड्या वेळाने पिंटू, पन्नालालचा मुलगा, काउंटरवरून म्हणाला, "काका, तिरकं चाललंय."

चांगदेवने खाली पाहिलं. काप खुणेपासून बोटभर दूर गेला होता. त्याने करवत काढून घेतली, पाइप फिरवला आणि दुसऱ्या बाजूने नव्याने सुरुवात केली. गिऱ्हाईक ओट्यावर बसून पायाची भेग चोळत होतं, त्याला काहीच कळलं नाही. टीव्हीवर गेणू जाऊन टोमॅटोचे बाजारभाव आले होते. चांगदेवच्या मनात पहिला विचार आला तो रागाचा नव्हता. त्याला वाटलं, किती बरोबर सांगितलं गेणूने. पकड सुटल्यात जमा होती, हे तेव्हा फक्त गेणूला आणि चांगदेवला कळलं होतं. गेणू ते कधी कबूल करेल असं त्याला वाटलं नव्हतं. हात सोडला नाही, हेही बरोबर. सगळं जागच्या जागी होतं. फक्त त्या जागी उभा असलेला माणूस काढून दुसरा ठेवला होता, जसा मोटारीचा जळका कंडेन्सर काढून त्याच मापाचा दुसरा बसवतात आणि मोटर पहिल्यासारखी चालू लागते.

तेव्हा संघात डाव्या कोपऱ्याला गेणू असे आणि त्याच्या शेजारी चांगदेव. चढाईवाला समोरून दम घेत आला की गेणूचा उजवा हात आणि चांगदेवचा डावा हात एकमेकांत गुंफलेले असत. कोपऱ्यावरचा माणूस घोट्यावर झेपावतो, तो दिसतो, वर्तमानपत्रात त्याचं नाव येतं. शेजारच्याचं काम त्याला लांब जाऊ देण्याचं आणि परत ओढून घेण्याचं. बघणाऱ्याला वाटतं तो नुसता उभा आहे. चांगदेव चेहरे विसरायचा. ज्यांच्याबरोबर तो हंगामचे हंगाम खेळला त्यांतले काही रस्त्यात भेटले तर ओळखू येत नसत. हात मात्र आठवत. कळंबच्या एकाचा तळवा कायम ओला असायचा, त्याला मूठभर माती चोळायला लावावी लागे. मंचरचा एकजण घाबरला की अंगठ्याने शेजारच्याच्या मनगटावर टकटक करायचा. गेणूचा हात कोरडा आणि रुंद होता, बोटांच्या बुडाशी खिळे ठोकल्यासारखे घट्टे. हात हातात आला की चढाईवाला कुठे बघतोय हे चांगदेवला गेणूच्या बोटांतून कळायचं, डोळ्यांतून कळायच्या आधी. शालनशी लग्न झालं तेव्हा मांडवात भटजींनी तिचा हात त्याच्या हातात दिला आणि त्याने नकळत तो साखळीसारखा, मनगटाच्या बाजूने पकडला. दुखलं तरी ती हसली होती. त्या वर्षी तो पन्नालालच्या संघात होता.

संघ पन्नालालचा म्हणजे खरोखर पन्नालालचाच. शेठचे आजोबा मारवाडातून आलेले, पण शेठला मराठीशिवाय दुसऱ्या भाषेत शिवी येत नसे आणि कबड्डीशिवाय दुसरं व्यसन नव्हतं. दिवस मावळल्यावर ते काही खात नसत. सामने लांबत, म्हणून धापूबाई, त्यांच्या मंडळी, दिवस असतानाच डबा मैदानावर पाठवून द्यायच्या, आणि सामना ऐन रंगात असला की शेठ डबा हातात धरून तसेच उभे, मग सूर्य जाई आणि डबा तसाच घरी परत जाई. पोरं म्हणायची, शेठ, आमच्या पायी तुम्ही रोज उपाशी. शेठ म्हणायचे, "मी उपाशी राहतो ते चालतं. तुम्ही हरून पोटभर जेवता ते मला बघवत नाही."

घोडेगावची ती फायनल शहाण्णव सालच्या थंडीतली. मैदान शेणाने सारवलेलं, कडेला बैलगाड्या आणि ट्रॅक्टर उभे करून त्यांच्यावर माणसं बसलेली. पिंपरीकडच्या एका कंपनीचा माणूस खेळाडू हेरायला आला होता. हे सगळ्यांना माहीत होतं आणि कोणी बोलत नव्हतं. शेवटची चढाई होती. चढाईवाला पुण्याकडचा, मांड्या उखळासारख्या. गेणू घोट्यावर पडला, पण पडला तो जरा उशिरा, आणि तो गडी त्याला ओढत रेषेकडे निघाला. अशा वेळी शेजारच्याने हात सोडायचा असतो. ते पहिल्या दिवशी शिकवतात: पकड लागेपर्यंत साखळी, पकड लागली की हात मोकळे, दोन्ही हातांनी कंबर. चांगदेवला ते झोपेत विचारलं असतं तरी सांगता आलं असतं. पण गेणूचा हात त्याच्या हातात होता आणि त्या हातातून त्याला कळलं की दुसऱ्या हाताची पकड सुटते आहे. आता हा हात सोडला तर गेणूला जमिनीवर धरायला काहीच राहणार नाही. विचार असा झाला नव्हता. तो नंतर, पुष्कळ वर्षांनी, पाइप कापताना झाला. तेव्हा त्याने फक्त डावा हात घट्ट केला, उजवा हात त्या गड्याच्या कमरेत घातला आणि तो खाली बसला, विहिरीत बादली सोडावी तसा. तिघांचं वजन त्याच्या डाव्या हाताच्या बोटांवर आलं. ओली काडी मोडल्यासारखा आवाज झाला. तो बाहेर कोणाला ऐकू गेला नसावा. पंचाची शिटी वाजली, माणसं गाड्यांवरून खाली उतरली, गेणूला खांद्यावर घेतलं. चांगदेव मातीत बसून आपल्या करंगळीकडे बघत राहिला. ती बाहेरच्या बाजूला, भलत्याच दिशेला वळली होती आणि दुखत मुळीच नव्हती. शिकवणारे मास्तर येऊन म्हणाले, "हात का सोडला नाहीस? वेडा आहेस का तू?"

कंपनीच्या माणसाने दोघांनाही निवडीसाठी बोलावलं. जोडी हवी आहे, म्हणाला. निवड पुढच्याच आठवड्यात होती. चांगदेवचा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये. शेठ म्हणाले, मी चिठ्ठी देतो, महिनाभर थांबतील. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की कोपऱ्यावरचा गडी एकटा जाऊन दाखवणार तरी काय, शेजारी कोणीतरी पाहिजे. कुशाबा तेव्हा राखीव खेळाडू होता, पाणी द्यायचा, भांडण झालं की मध्ये पडायचा, भला माणूस. जाताना तो घरी येऊन चांगदेवच्या पाया पडला आणि म्हणाला, "भाऊ, तुमची जागा राखून येतो." दोघंही लागले. नोकरी, क्वार्टर, कंपनीचा निळा ट्रॅकसूट. पुढे बारा-तेरा वर्षं गेणूच्या उजव्या हातात कुशाबाचा हात होता. चांगदेव हिशेब मांडायचा तो असा, आणि तो नेहमी एकाच ठिकाणी येऊन थांबायचा: गेणू खोटं बोलत नाही. इतकी वर्षं जो हात धरला तोच हात आठवणीत मागे मागे सरकत गेला असणार. एका पातळीचं पाणी दुसऱ्या भांड्यात शिरतं आणि मग दोन्हींची पातळी एक होते, त्यात पाण्याचा काय गुन्हा.

प्लास्टर निघालं तेव्हा करंगळी सरळच राहिली. दुमडेना. त्याच्यानंतर तो खेळत राहिला, पण जोडी कोणाशीच टिकली नाही. एका हंगामाला वारूळवाडी, एकाला कळंब, एकदा जुन्नरच्या मंडळाने आणला तो दोन सामने खेळवून परत पाठवला. पाहुणा खेळाडू म्हणून जायचं, शाळेच्या वर्गात बाकडी सरकवून झोपायचं, मागच्या वर्षीच्या कोणाचा तरी नंबर असलेला बनियन घालायचा. दर वेळी नवीन हात. पहिल्या दिवशी नवा कोपरा हात हातात घ्यायचा आणि ती न दुमडणारी करंगळी मध्ये टोचायची. मग तो विचारायचा, हे काय? चांगदेव सांगायचा. सुरुवातीला लोक ऐकायचे. गेणूचं नाव तालुक्यात मोठं होत गेलं तसं ते अर्धवट ऐकू लागले, आणि पुढे तर सांगताना चांगदेवलाच वाटायचं की आपण गेणूच्या नावाला लोंबकळतो आहोत. मॅट आली, मॅटवर बूट आले, त्याचे गुडघे गेले. खेळणं थांबलं ते कोणी थांबवलं नाही, बोलावणं आलं नाही इतकंच. शेठने दुकानात ठेवून घेतला. रोज सकाळी शटर वर करताना ती करंगळी बाजूला काढून धरावी लागे, आणि गिऱ्हाइकाला पाइप मोजून देताना ती सगळ्यात पुढे असे. एकदा एका गिऱ्हाइकाने विचारलं, तर चांगदेव बोलायच्या आत पिंटूच म्हणाला, "शटरमध्ये सापडलं." पिंटूच्या मनात काही नव्हतं, गर्दी होती, गोष्ट लांबली असती. त्या दिवशी चांगदेवने दुकानातला चहा घेतला नाही. संध्याकाळी पिंटूने माफी मागितली. "न्हाई रे," चांगदेव म्हणाला, "पण तसं पुन्यांदा म्हणू नको. येवढंच हाये माझ्याकडं."

आता दुपार होत आली होती. शेठ आतून आले, चष्मा कपाळावर. त्यांनीही बातम्या ऐकल्या असाव्यात, कारण ते चांगदेवकडे न बघता बोलले. "आज तू चारलाच नीघ. पोरीचा सामना आहे ना उद्घाटनाचा?"

"हाये."

"गेणू भेटेल."

"भेटंल की."

"सांग त्याला."

"काय सांगू शेठ?"

शेठने चष्मा खाली घेतला. "मी सांगतो. मी होतो तिथं. डबा माझ्या हातातून खाली पडला होता, भाजी सगळी धुळीत."

"तुमी नका सांगू." चांगदेव म्हणाला. "तुमी सांगितलं तर त्याला पटंल. मला पटवायचं न्हाई. त्याला आठवलं पायजे."

हे बोलून गेल्यावर त्याला स्वतःलाच कळलं की आपल्याला काय हवं आहे. नाव नको होतं. टीव्हीवरची दुरुस्तीही नको. गेणूचा हात एकदा हातात यावा, आणि त्या हाताला ओळख पटावी. तोंड विसरतं, डोळे विसरतात, हे तो स्वतःवरून जाणत होता; पण तळव्याला जे माहीत आहे ते कुठे जाणार. मनातल्या मनात त्याने ते योजलंसुद्धा. उजवा हात पुढे करायचाच नाही. डावा करायचा, साखळीत करतात तसा.

घरी हातपाय धुताना शालन म्हणाली, "पांढरा शर्ट काढलाय. आन तोंड असं का?" त्याने सांगितलं. ती चुलीपाशी भाकरी उलटत होती, ती उलटायची राहिली. "म्हंजी? कुशाबा? आन तुमचं बोट काय उंदरानं खाल्लं?" थोड्या वेळाने म्हणाली, "पोरीपुढं काय बोलू नका. तिला लई अभिमान हाये त्या बोटाचा."

ते खरंच होतं. अक्षदा लहान असताना नाशिक रस्ता ओलांडताना तीच करंगळी धरायची, कारण ती कायम धरायला तयार असे. गोष्ट तिला तोंडपाठ होती. आता ती शाळेच्या संघात खेळत होती, बापाच्याच जागेवर, डाव्या कोपऱ्याशेजारी, आणि तिच्या बाई सारख्या तक्रार करायच्या की पकड लागली तरी ही पोरगी शेजारणीचा हात सोडत नाही. चांगदेव तिला रागवायचा. रागवताना त्याला आतून गोड वाटायचं, आणि ते तिलाही ठाऊक असणार.

मैदानावर मांडव होता, खुर्च्यांना पांढरे कपडे बांधलेले, त्यांतल्या एकीवर शेठ आधीच येऊन बसलेले, द्राक्षांच्या बागांवरून औषधाचा उग्र वास येत होता. गेणूची गाडी उशिरा आली. तो आडवा वाढला होता, पण चाल तीच, पायांच्या चवड्यांवरून. भाषणं होण्याआधी पाहुण्यांशी खेळाडूंची ओळख असते. मुली एका रांगेत उभ्या राहिल्या आणि गेणू एकेकीशी हात मिळवत निघाला. अक्षदा रांगेच्या शेवटी होती. चांगदेव तिच्या मागे, चुन्याच्या रेषेबाहेर, पालकांमध्ये उभा होता. गेणूने अक्षदाशी हात मिळवला, मान वर केली आणि थबकला.

"आरं, चांग्या," तो म्हणाला. तोंडभर हसला. त्यात खोटं काही नव्हतं. "ह्यो आमच्या शेठच्या संघातला बरं का. लई चांगला गडी. ही तुझी?"

"माझीच."

चांगदेवने डावा हात पुढे केला. गेणूचा उजवा हात हवेत जरासा अडखळला, मग त्याने तो तसाच धरला. मनगटाच्या बाजूने, बोटांत बोटं. क्षणभर सगळं नेमकं त्या जागी होतं. चांगदेव वाट बघत राहिला. गेणूचा तळवा मऊ होता. बुडाशी घट्टे नव्हते. फुगलेला, गार, नुकताच साबणाने धुतल्यासारखा हात, कागद उलटणाऱ्या माणसाचा. हा हात त्याच्याही ओळखीचा नव्हता. तो ज्या हाताकडे दाद मागायला आला होता तो हात कुठे शिल्लकच नव्हता. आणि त्याच्या स्वतःच्या तळव्यावर तरी आता पाइपांचे आणि करवतीचेच घट्टे होते.

मग करंगळी गेणूच्या हाताला टोचली. त्याने खाली बघितलं.

"ह्या बोटाला काय झालं रे?"

तो मनापासून विचारत होता. कपाळावर आठी होती, काळजीची. अक्षदाने वळून वर बघितलं. तिच्या चेहऱ्यावर हसू यायला लागलं होतं, कारण पुढचं वाक्य तिला माहीत होतं. शेठ मांडवातून उठून दोन पावलं पुढे आलेले चांगदेवला दिसले. बोलायला एवढंच होतं की गेणू, ते तूच मोडलंस. किंवा नुसतं घोडेगाव म्हटलं असतं तरी चाललं असतं. शब्द जिभेवर होता. पण तो उच्चारला की गेणू आठवण्याचा प्रयत्न करणार, डोळे बारीक करणार, आणि मग भल्या माणसासारखा म्हणणार, हो का, असंल बाबा. ते असंल बाबा चांगदेवला आधीच ऐकू आलं. इतक्या लोकांत, पोरीसमोर, ते हातात घेऊन उभं राहणं त्याच्याच्याने झालं नसतं.

"शटरमधी सापडलं," तो म्हणाला. "दुकानाच्या."

"जपून राव," गेणू म्हणाला, आणि त्या बोटावर दुसऱ्या हाताने हलकेच थोपटून पुढे गेला.

अक्षदा बघत राहिली. आधी बापाकडे, मग बोटाकडे. पुढे आलेले शेठ जागेवरच थांबले आणि चष्मा पुसत मागे फिरले. चांगदेवला तिला सांगायचं होतं की थांब, हे आत्ताचं खोटं आहे, ते आधीचं खरं. पण दोन्ही त्याच तोंडाने सांगितलेलं. त्यातलं कुठलं खरं धरायचं हे तिला कोण सांगणार? तेवढ्यात शिटी वाजली आणि मुली मैदानात गेल्या.

पहिल्या काही चढाया त्याला दिसल्याच नाहीत. दिसली ती समोरच्या संघातली एक उंच, काटक मुलगी, डाव्या कोपऱ्याकडे सरकताना. कोपऱ्यावरची घोट्यावर पडली. चांगली पडली, वेळेवर. तिचा एक हात अक्षदाच्या हातात होता. उंच मुलगी रेषेकडे ओढ घेऊ लागली. चांगदेवची डावी मूठ आपोआप घट्ट झाली. एरवी अशा वेळी तो कडेवरून ओरडायचा, "हात सोड," आणि ती सोडायची नाही, आणि तो घरी जाऊन शालनला ते दोनदा सांगायचा. आज तो ओरडला नाही.

अक्षदाने हात सोडला. स्वच्छ, शिकवल्याप्रमाणे, पकड लागल्याबरोबर. दोन्ही हात मोकळे करून तिने कमरेला वेढा घातला आणि ती उंच मुलगी रेषेच्या खूप अलीकडेच बसली. कोणाला काही लागलं नाही. इतकी साधी, बिनधोक पकड होती ती.

मांडवात गेणू खुर्चीवरून उठला. "बगा," तो शेजारच्याला मोठ्याने म्हणाला, "येळेवर हात सोडला पोरीनं. ह्येला खेळ म्हणत्यात."

अक्षदा उठली, हातपाय झटकले आणि कडेकडे न बघता आपल्या जागेवर जाऊन उभी राहिली. माणसं टाळ्या वाजवत होती. चांगदेवनेही वाजवल्या. टाळी वाजवताना डाव्या हाताची करंगळी त्यात येत नसे, ती एकटीच बाहेर, वर उभी राहायची. शेजारच्या खुर्चीवरच्या बाईने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि मान फिरवली.